री कोरान चिनी होती की जपानी, आणि ग्रुपला तिचे कुठले सिनेमे दाखवायचे?

बाकीच्यांना संदर्भ लागावा म्हणून तुमचा प्रश्न आधी थोडक्यात परत मांडते. तुम्ही जपानी दिग्दर्शक कुरोसावाचा 'स्कँडल' बघितलात, त्यात गायिकेचं काम करणारी नटी आवडली, नाव शोधलं तर यामागुची योशिको निघालं, म्हणजेच री कोरान. पुढे वाचायला लागलात तर कुठे ती चिनी, कुठे मांचुरियन, कुठे जपानी, चीनमध्ये तिच्यावर देशद्रोहाचा आरोप आणि नंतर तीच बाई जपानच्या संसदेत अठरा वर्षं. आता तुमच्या पंधरावीस जणांच्या ग्रुपसाठी तिच्यावर दोन संध्याकाळी घ्यायच्यात, आणि तुम्ही विचारताय की तिला 'जपानी सिनेमातली परदेशी नटी' म्हणून ओळख करून द्यायची का, युद्धातले प्रचारपट दाखवणं बरोबर आहे का, दाखवायचं तर नेमकं काय, आणि परवानगीचं कसं करायचं.

मी बरीच वर्षं फिल्म सोसायटीसाठी सिनेमे निवडते, फिल्म अॅप्रिसिएशनचे वर्ग घेते, आणि जपानी सिनेमा हा त्यातला माझा सगळ्यात आवडीचा भाग, त्यामुळे हिच्यावरची सेशन्स माझ्या हातून बऱ्याचदा झालीयेत. तरी एक आधीच सांगते, कुठले सिनेमे दाखवायचे हे तुमच्या ग्रुपवर बरंच अवलंबून आहे. लोकांनी आधी जपानी सिनेमा किती बघितलाय, सबटायटल वाचत दीड-दोन तास बसायची सवय आहे का, आणि धड प्रिंट कशाची मिळते, यावर सगळी यादी इकडची तिकडे होऊ शकते.

सोपं उत्तर आधी देऊन टाकते. आईवडील दोघंही जपानी, नागरिकत्व जपानी, जन्म १२ फेब्रुवारी १९२० चा, आजच्या शेनयांगजवळचा, आणि बालपण फुशुन नावाच्या कोळशाच्या खाणींच्या गावात. वडील दक्षिण मांचुरिया रेल्वेच्या नोकरांना चिनी शिकवायचे आणि लेकीचं चिनी त्यांनी अगदी लहानपणापासून पक्कं करून घेतलं. जपान हा देश तिने पहिल्यांदा डोळ्यांनी बघितला तेव्हा ती अठरा वर्षांची होती. म्हणजे जन्म परदेशातला, आईबाप जपानी, विषय संपला.

पण खरी अडचण ही नाहीये. आपण परदेशी नटी म्हटलं की डोक्यात एक ठरलेली गोष्ट असते, बाहेरून आली, भाषा शिकली, उच्चार घोटून घोटून साफ केले, सुरुवातीला लोकांनी नावं ठेवली आणि मग हळूहळू आपलं मानलं. यामागुचीचं बरोबर उलटं झालंय. ती आतलीच होती आणि तिला बाहेरची म्हणून विकलं गेलं, कारण त्या वेळी जपानच्या सरकारला आणि स्टुडिओंना एका गोड, सुंदर, जपानवर प्रेम करणाऱ्या चिनी मुलीची गरज होती आणि तशी खरी चिनी मुलगी कोणी मिळेना. हे एकदा ग्रुपच्या डोक्यात बसलं की तिचा प्रत्येक सिनेमा बघायची नजरच बदलते, म्हणून मी सुरुवात नेहमी इथूनच करते.

नावाचा घोळ आधी सोडवा. वडिलांचे एक चिनी मित्र होते, जनरल ली जीचुन, त्यांनी तिला मानलेली मुलगी केली आणि ली श्यांगलान हे नाव दिलं. तीच अक्षरं जपानीत री कोरान अशी वाचतात. पुढे बीजिंगच्या शाळेत ती वडिलांच्या दुसऱ्या मित्राच्या घरी राहिली आणि तिथे तिचं नाव होतं पान शूह्वा. हॉलिवूडमध्ये गेल्यावर शर्ली यामागुची. सर्च करताना हे सगळं टाकून बघा, एका नावावर अर्धंच सापडेल. सुरुवातीला ही नावं धारण करण्यात लपवाछपवी नव्हती, मित्राच्या मुलीला असं नाव देणं तिथे नेहमीचं होतं. लपवाछपवी नंतर स्टुडिओने सुरू केली.

गाण्याकडे ती वळली आजारपणामुळे. फुफ्फुसाचा आजार झाला, श्वास सुधारावा म्हणून गाणं शीक असं ठरलं, आणि ल्युबा नावाच्या एका रशियन ज्यू मैत्रिणीने तिला गाण्याच्या बाईंकडे नेलं, मादाम पोद्रेसोव्ह म्हणून ऑपेरा गाणाऱ्या बाई होत्या. ही ल्युबा लक्षात ठेवा, पुढे ती परत येते. १९३३ मध्ये शेनयांगच्या रेडिओ स्टेशनला चिनी गाणी म्हणणारी, स्वरलिपी वाचता येणारी आणि शिवाय जपानी कळणारी मुलगी हवी होती. तेरा वर्षांची ही पोर तिथे बसवली आणि ली श्यांगलान हे नाव रेडिओवर गेलं.

बीजिंगच्या शाळेतला एक प्रसंग तिने आत्मचरित्रात लिहिलाय, तो मी ग्रुपला कायम सांगते. विद्यार्थ्यांची एक बैठक होती, जपानी सैन्य शहरावर चालून आलं तर तुम्ही प्रत्येक जण काय करणार, असा प्रश्न फिरत फिरत हिच्यापर्यंत आला. बसलेल्यांपैकी कुणालाच माहीत नाही की ही जपानी आहे. ती म्हणाली मी शहराच्या तटावर उभी राहीन. तिच्या मनातलं गणित असं की तिथे उभं राहिलं तर दोन्ही बाजूंच्या गोळ्या लागू शकतात आणि पहिली मरणारी मीच असेन. हा प्रसंग फार ताणू नका, पन्नास वर्षांनंतर लिहिलेली आठवण आहे ती, पण सोळा-सतरा वर्षांच्या मुलीची काय कोंडी होती हे त्यातून जितकं कळतं तितकं कुठल्या लेखातून कळणार नाही.

आता सिनेमा. १९३७ मध्ये मांचुकुओ, म्हणजे जपानने मांचुरियात उभं केलेलं बाहुलं राज्य, त्याच्या सरकारने आणि रेल्वेने मिळून शिनच्यिंगला, म्हणजे आजच्या चांगचुनला, फिल्म कंपनी काढली, तिला थोडक्यात मानएई म्हणतात. यामागुचीला तिथे बोलावलं ते फक्त गाण्याचा आवाज द्यायला असं सांगून, आणि पोचल्यावर मेकअप करून थेट कॅमेऱ्यासमोर उभं केलं, हेही तिचंच म्हणणं. १९३८ चा 'हनिमून एक्सप्रेस' हा पहिला सिनेमा. पुढच्या वर्षी कंपनीचा प्रमुख म्हणून आमाकासु मासाहिको आला. हा माणूस कोण तर १९२३ च्या भूकंपानंतरच्या गोंधळात अराजकवादी ओसुगी साकाए, त्याची साथीदार इतो नोए आणि एका लहान पोराच्या खुनासाठी शिक्षा झालेला लष्करी पोलीस अधिकारी. अशा माणसाच्या हातात सिनेमा कंपनी होती हे ग्रुपला सांगाच, नाहीतर मानएई म्हणजे कुठलीतरी साधी प्रॉडक्शन कंपनी वाटते.

मग टोकियोच्या तोहो स्टुडिओबरोबर भागीदारीत तीन सिनेमे झाले, 'ब्याकुरान नो उता' १९३९ चा, आणि 'शिना नो योरु' म्हणजे 'चायना नाइट्स' व 'नेस्सा नो चिकाई' हे दोन १९४० चे, तिन्हीत हिरो हासेगावा काझुओ, तेव्हाचा जपानचा सगळ्यात देखणा स्टार. साचा एकच, जपानी पुरुष आणि त्याच्या प्रेमात पडणारी चिनी मुलगी. 'शिना नो योरु' मध्ये ती शांघायमधली अनाथ मुलगी आहे, युद्धात घर गेलंय, आईवडील गेलेत, जपान्यांबद्दल मनात नुसता द्वेष. एक जपानी जहाज अधिकारी तिला रस्त्यावरून उचलून आपल्या हॉटेलात आणतो, सगळे तिची काळजी घेतात, ती काही वाकत नाही. शेवटी वैतागून तो तिच्या थोबाडीत मारतो. आणि ती, ज्या क्षणी तिने उठून निघून जायला हवं, त्या क्षणी रडत त्याची माफी मागते, आणि प्रेम सुरू होतं.

हा सीन मी वर्गात लावते तेव्हा पहिल्यांदा खोलीत कुजबुज होते, कुणीतरी हसतं, कारण आपल्याकडच्या जुन्या हिंदी सिनेमातही असले सीन लोकांनी बघितलेले असतात. मग मी तोच सीन परत लावते आणि सांगते की आता मुलीच्या जागी देश बघा, १९४० साल आहे, जपानी सैन्य चीनमध्ये तीन वर्षं लढतंय, नानजिंगचं हत्याकांड होऊन गेलंय. जपानी प्रेक्षकांना यात रोमान्स दिसला. चिनी प्रेक्षकांना यात दुहेरी अपमान दिसला, मारणं हा एक आणि मार खाऊन प्रेमात पडणं हा दुसरा, वरून ती नटी आपलीच मुलगी आहे असा त्यांचा समज. यामागुचीने स्वतः नंतर या सीनबद्दल हेच लिहिलंय. दुसऱ्यांदा लावल्यावर कुणी हसत नाही.

म्हणून प्रचारपट दाखवावेत का या तुमच्या प्रश्नाला माझं उत्तर स्पष्ट हो आहे, फक्त नुसते दाखवू नका. पूर्ण सिनेमा कुठलीही प्रस्तावना न देता लावला तर होतं काय की गाणी खरंच सुंदर आहेत, 'सोशू याक्योकु' तर संगीतकार हात्तोरी र्‍योइचीचं इतकं लाघवी गाणं आहे की लोक ते गुणगुणत बाहेर पडतात आणि बाकीचं विसरतात, म्हणजे १९४० मध्ये त्या सिनेमाने जे काम करायचं होतं तेच तो आजही करून जातो. सिनेमा लावण्याआधी पाच मिनिटं बोला, पैसे कोणाचे होते, दाखवायचा कोणाला होता, ती कुठल्या भाषेत कोणाशी बोलतेय, एवढंच. यातलं शेवटचं सगळ्यात कामाचं. ती चिनीत बोलते तेव्हा समोर कोण असतं आणि जपानीत वळते तेव्हा गोष्टीत काय घडलेलं असतं, हे ग्रुपला टिपायला सांगा, अख्खं राजकारण त्यातून आपोआप उलगडतं.

तिची लोकप्रियता किती होती याचा अंदाज यावा म्हणून एक दिवस सांगा, ११ फेब्रुवारी १९४१. टोकियोत युराकुचोला निचिगेकी थिएटर होतं, तिथे तिचा गाण्याचा कार्यक्रम. गर्दीने थिएटरला साडेसात वेढे घातले असं म्हणतात आणि त्या नावानेच ती घटना जपानमध्ये ओळखली जाते, पोलीस आले, गर्दीवर पाणी मारावं लागलं. त्या दिवशी राष्ट्रीय सुट्टी, देशाच्या स्थापनेचा दिवस. ज्या समाजात चिनी माणसाला तुच्छ समजत होते तोच समाज एका 'चिनी' मुलीला बघायला चेंगराचेंगरी करत होता. आणि याच्या आधी दोन-अडीच वर्षांपूर्वी, १९३८ मध्ये ती पहिल्यांदा शिमोनोसेकी बंदरात उतरली तेव्हा पासपोर्ट बघणाऱ्या अधिकाऱ्याने तिला झापलं होतं, तू जपानी असून चिनी कपडे काय घालतेस, चिनी काय बोलतेस, लाज नाही वाटत? तिचं सगळं बालपण ज्या देशाबद्दल स्वप्नं बघण्यात गेलं त्या देशात पाऊल टाकल्यावर हे ऐकायला मिळालं. हे दोन प्रसंग एकापाठोपाठ सांगितलेत की वेगळं भाष्य करावं लागत नाही.

१९४३ मध्ये गोष्ट गुंतागुंतीची होते आणि माझ्या मते हा तिच्या करिअरचा सगळ्यात कमी चर्चा झालेला भाग. शांघायमध्ये 'वान शी ल्यू फांग' नावाचा मोठा चिनी सिनेमा निघाला, विषय अफूचं युद्ध आणि अफूबंदीसाठी इंग्रजांशी भिडलेला चिनी अधिकारी लिन त्सश्यू. त्यात ती मिठाई विकणारी पोरगी आहे, अफूच्या अड्ड्यात जाऊन गाणं म्हणते, अफू सोडा म्हणून. जपान्यांच्या दृष्टीने हा इंग्रजांविरुद्धचा सिनेमा, पण हॉलमधल्या चिनी माणसाला परकीय आक्रमकाविरुद्धची गोष्ट आपल्या मनाप्रमाणे वाचायला कोण अडवणार? सिनेमा चालला, मिठाईवालीचं गाणं घराघरात गेलं, आणि जपानी प्रचाराने जे झालं नव्हतं ते या सिनेमाने झालं, ती चिनी लोकांचीही खरोखर लाडकी झाली. त्यानंतर बीजिंगमध्ये पत्रकार परिषद झाली, ती सांगते की तिथे एका तरुण चिनी पत्रकाराने विचारलं, तुम्ही चिनी असून 'शिना नो योरु' सारख्या सिनेमात कामं का केलीत, तुमचा अभिमान कुठे गेला? ती उठून म्हणाली की मी लहान होते, समज नव्हती, माफ करा, परत असं करणार नाही. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मी जपानी आहे हे मात्र तिथेही तिने सांगितलं नाही, सांगायचं मनात होतं पण सांगू नकोस असा सल्ला मिळाला होता. पुढच्या वर्षी तिने आमाकासुकडे जाऊन करार मोडायची परवानगी मागितली आणि त्याने ती दिली.

युद्ध संपलं तेव्हा ती शांघायमध्ये होती. चिनी असून शत्रूला मदत केली हा आरोप, शिक्षा मृत्यूची, वर्तमानपत्रांत तर तारखांसकट अफवा. वाचायचा एकच मार्ग होता, आपण चिनी नाहीच हे सिद्ध करणं. इथे ती ल्युबा परत येते. ती बीजिंगला यामागुचीच्या आईवडिलांकडे पोचली आणि कुटुंबाच्या नोंदवहीचा जपानी दाखला एका बाहुलीच्या पेटीत लपवून शांघायला पोचता झाला. १९४६ मध्ये तिची सुटका झाली आणि जपानला रवानगी.

तिच्या शेजारी मी कायम कावाशिमा योशिकोला ठेवते. नाव सारखंच, दोघींची ओळखही होती. ती जन्माने चीनच्या छिंग राजघराण्यातली मांचू राजकन्या, लहानपणी जपानी माणसाने दत्तक घेतलेली, जपानमध्ये वाढलेली, जपानी लष्करासाठी काम केलेली. तिचं नाव दत्तक घराच्या नोंदवहीत चढवलेलंच नव्हतं, त्यामुळे कायद्याने ती चिनीच राहिली आणि मार्च १९४८ मध्ये बीजिंगला तिला गोळी घातली. जपानी असून चिनी म्हणून मिरवलेली सुटली, चिनी असून जपानी म्हणून वाढलेली मेली, दोन्हीकडे निकाल एका सरकारी कागदाने लावला. 'ती खरी कोण होती' असं कुणी सेशनमध्ये विचारलं तर ही दुसरी योशिको सांगा.

युद्धानंतरचे सिनेमे आता. इथे ती स्वतःच्या नावाने, यामागुची योशिको म्हणून काम करते, आणि १९५० मध्ये लागोपाठ दोन महत्त्वाचे सिनेमे येतात. पहिला 'आकात्सुकी नो दास्सो', तानिगुची सेनकिचीचा, पटकथेत कुरोसावाचाही हात. तामुरा ताइजिरोच्या कादंबरीवरून केलेला. चीनच्या आघाडीवरचा एक सैनिक आणि तिथली एक बाई पळून जायचा प्रयत्न करतात. मूळ कादंबरीत ती बाई सैनिकांसाठी ठेवलेली वेश्या, कोरियन. अमेरिकन ताब्यातल्या जपानमध्ये पटकथा सेन्सॉरकडून पुन्हा पुन्हा बदलून घेतली गेली आणि पडद्यावर आली तेव्हा ती छावणीत गाणी म्हणणारी जपानी बाई झाली होती. म्हणजे बघा, काही वर्षांपूर्वी जपानी नटीला चिनी करून दाखवत होते, आता कोरियन पात्राला जपानी करून त्याच नटीला दिलं. तरीही तिचा अभिनय म्हणून विचाराल तर माझ्या मते हे तिचं सगळ्यात ताकदीचं काम, आधीची गोड बाहुली इथे शोधून सापडत नाही. आणि योगायोग म्हणा, १९९५ मध्ये युद्धकाळात लैंगिक गुलामीत ढकललेल्या बायकांसाठी जो निधी जपानमध्ये स्थापन झाला त्याची ती उपाध्यक्ष होती.

दुसरा तुमचा 'स्कँडल'. आता तो परत बघा. डोंगरात चित्र काढणारा चित्रकार, म्हणजे नट मिफुने, बस चुकलेली गायिका, मोटरसायकलवरची लिफ्ट, हॉटेलच्या बाल्कनीत दोघं उभे असताना कोणीतरी फोटो काढतं आणि मासिकात भलतीच प्रेमकहाणी छापून येते. कुरोसावाचं सगळं लक्ष शेवटी शिमुरा या नटाने केलेल्या वकिलावर जातं आणि ही बाजूला पडते, त्यामुळे भूमिका म्हणून ती काही मोठी नाही. पण हॉलमध्ये बसलेल्या १९५० च्या जपानी माणसाला ही बाई कोण हे पक्कं माहीत होतं. जिच्या ओळखीबद्दल छापील खोटं अख्ख्या देशाने कितीतरी वर्षं वाचलं, तिलाच छापील खोट्याची शिकार झालेली गायिका म्हणून घेतलंय. नाताळच्या सीनमध्ये वकिलाच्या आजारी मुलीसमोर ती गाते तेव्हा तिचा तो कमावलेला आवाज ऐका, ऑपेराची तालीम लगेच कळते.

हॉलिवूडचं एक उदाहरण पुरे. १९५२ चा 'जॅपनीज वॉर ब्राइड' किंवा १९५५ चा सॅम्युएल फुलरचा 'हाउस ऑफ बांबू', मी दुसरा निवडेन, टोकियोत रंगीत सिनेमास्कोपमध्ये शूट झालेला आहे आणि सिनेमा म्हणून झकास आहे. पण आतला साचा बघा, अमेरिकन पुरुष आणि त्याच्यावर जीव टाकणारी जपानी बाई. जपान जिंकत होता तेव्हा ती जपानी पुरुषाची चिनी प्रेयसी, अमेरिका जिंकल्यावर अमेरिकन पुरुषाची जपानी प्रेयसी. नकाशावर सत्ता जशी सरकली तशी तिची भूमिका सरकत गेली, आणि नटीच्या हातात यातलं किती होतं, तर फार थोडं.

फार थोडं म्हणजे काहीच नाही असं नव्हे, आणि इथे मी तिला पूर्ण सूट देत नाही. अठराव्या वर्षी कॅमेऱ्यासमोर ढकललं हे खरं, पण १९४१ मध्ये ती एकवीस वर्षांची होती, दोन्ही भाषा जाणत होती, चिनी लोक तिच्याबद्दल काय म्हणतात ते तिला त्यांच्याच भाषेत ऐकू येत होतं. शिवाय प्रचार चालला तो तिच्या आवाजामुळे आणि चेहऱ्यामुळेच, सरकारी भाषणांनी कोणाचं मन वळलं नसतं. दुसरीकडे हेही बघा की त्या यंत्रणेतले लेखक, दिग्दर्शक, निर्माते युद्धानंतर बिनबोभाट पुढे काम करत राहिले, आणि आपल्या कामाबद्दल जाहीर माफी मागणाऱ्या मोजक्या लोकांत ही एक. १९५८ मध्ये एका मुत्सद्द्याशी लग्न करून तिने सिनेमा सोडला, १९६९ पासून टीव्हीवर दुपारचा कार्यक्रम केला, १९७४ ते १९९२ संसदेच्या वरिष्ठ सभागृहात होती, १९८७ मध्ये आत्मचरित्र आलं त्यात हे सगळं आहे. २०१४ मध्ये चौऱ्याण्णवाव्या वर्षी गेली. ग्रुपमध्ये कुणी तिला गुन्हेगार म्हणेल, कुणी बळी म्हणेल, वाद होऊ द्या, पण दोघांनाही सिनेमातला एखादा सीन दाखवून बोलायला लावा.

एक प्रश्न नक्की येईल, की मग आपल्या फिअरलेस नादियाचं काय? चांगला प्रश्न आहे. ती ऑस्ट्रेलियात जन्मलेली, मुंबईत वाडिया मूव्हीटोनमध्ये स्टार झाली, पण तिचं गोरेपण, सोनेरी केस सगळं उघड्यावर होतं, प्रेक्षकाला फसवलेलं नव्हतं. फरक तिथेच आहे.

थोडक्यात माझा क्रम असा राहील. पहिल्या संध्याकाळी 'शिना नो योरु' चा अर्धा-पाऊण तास, निचिगेकीची आणि शांघायची गोष्ट तोंडी, आणि मग 'स्कँडल' पूर्ण. दुसऱ्या संध्याकाळी 'आकात्सुकी नो दास्सो' मिळाला तर तो, नाहीतर 'हाउस ऑफ बांबू'. ग्रुप सिनेमात मुरलेला असेल आणि चांगली प्रत हाती लागली तर 'वाताशी नो उगुइसु' म्हणजे 'माय नाइटिंगेल' शोधा, शिमाझु यासुजिरोचा, हार्बिनमध्ये केलेला, आईवडिलांपासून तुटलेल्या जपानी मुलीला रशियन ऑपेरा गायक वाढवतो अशी गोष्ट. युद्धकाळात जपानमध्ये तो लागलाच नाही. माझा अतिशय लाडका सिनेमा आहे, पण नवख्या लोकांना पहिल्याच दिवशी देऊ नका.

आणि 'खरी परदेशी नटी' ही बाजू राहून जाते असं वाटत असेल तर दुसऱ्या संध्याकाळी शेवटची वीस मिनिटं आजच्या नट्यांना द्या. कोरियाची बे दूना, २००५ च्या 'लिंडा लिंडा लिंडा' मध्ये ती शाळेत शिकायला आलेली कोरियन मुलगीच आहे, बँडला गायिका हवी म्हणून पकडून आणलेली, आणि तिचं अडखळतं जपानी गोष्टीचाच भाग आहे. त्यात एक जपानी मुलगा तिला पाठ केलेल्या कोरियनमध्ये प्रेम सांगतो, तो सीन दाखवा, यावेळी भाषेची कसरत जपानी माणूस करतोय. मग २००९ च्या कोरे-एदाच्या 'एअर डॉल' मध्ये तीच नटी जीव आलेली बाहुली होते, नुकतं बोलायला शिकणारी, म्हणजे परकेपणा परत भूमिकेत मुरवलेला. शिम उन-क्यंगला २०१९ च्या 'शिंबुन किशा' साठी २०२० मध्ये जपान अकॅडमीचा सर्वोत्तम अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला, कोरियन नटीला पहिल्यांदाच. तिथे पात्र आहे अमेरिकेत वाढलेली, बाप जपानी आई कोरियन अशी पत्रकार, म्हणजे तिच्या उच्चारांना पटकथेने कारण पुरवलंय. जपानी सिनेमात बाहेरच्या नटीला अजूनही अशी कारणं लागतात, परदेशातून आलीय, बाहेर वाढलीय, माणूसच नाहीये. री कोरानच्या काळाशी तुलना करता मोठा बदल हा की आता हे सगळं प्रेक्षकाच्या समोर, उघड चालतं आणि नटीचं खरं नाव पोस्टरवर असतं.

परवानगीबद्दल विचारलंत, तर तिकीट लावणार नसाल तरी सार्वजनिक ठिकाणी दाखवताना हक्कांची चौकशी आधी करा, जपान फाउंडेशनच्या दिल्ली ऑफिसला ईमेल टाकून बघा, बिगर-व्यावसायिक शोसाठी काय मिळतंय ते विचारा, आणि किमान दोन महिने हातात ठेवून विचारा. 'शिना नो योरु' ची इंटरनेटवर मिळणारी कापाकापी केलेली प्रत घेऊ नका, थप्पडेचा सीन तुटक बघितला तर नुसता मेलोड्रामा वाटतो. त्या सीनच्या आधीची किमान दहा मिनिटं, सगळे जपानी तिची सेवा करतायत तो भाग, सलग दाखवता येईल अशी प्रत शोधा, कारण थप्पड योग्य वाटावी याची तयारी दिग्दर्शकाने त्या दहा मिनिटांत करून ठेवलीय.